‘येते’ म्हणायचं नाही

३ फेब्रुवारी

झेरॉक्सच्या दुकानाच्या कडीला पाटी लटकत होती: ‘पाच मिनिटांत येतो’. मी समोरच्या पायरीवर बसून राहिले. पाटीवरची अक्षरं उन्हाने फिकी झाली होती, दोरी काळवंडली होती. ही पाच मिनिटं बरीच मुरलेली दिसत होती. शेवटी शेजारचा शिंपी म्हणाला, “अहो, तो गावाला गेलाय.”

“मग पाटी?”

“पाटी असतेच.”

घरी येईपर्यंत तेच डोक्यात घोळत राहिलं. आपण दिवसभर अशा पाट्या लावत फिरतो. बघू. करू. कधीतरी या ना घरी. काही नाही, असंच. आणि निघताना तर कमालच. पाय उंबऱ्याबाहेर, पाठ घराकडे, आणि तोंडाने म्हणायचं काय, तर ‘येते’.

कलाकेंद्राच्या संचालकबाईंनी नव्या कलाप्रयोगासाठी जुन्या बँकेचं दालन देऊ केल्यापासून माझं डोकं बंद पडलं होतं. आज चालू झालं. नियम असा: जे बोलेन ते खरं असेल आणि जे करीन म्हणेन ते होईल. बाकी बोलायचंच नाही. मार्चचा अख्खा महिना, दालनात आणि दालनाबाहेरही.

७ फेब्रुवारी

संचालकबाईंना कल्पना सांगितली. ऐकताना त्या चष्म्याची काडी चावतात. काडी जितकी जास्त चावली जाईल तितकी कल्पना चांगली, असा माझा अनुभव आहे. आज काडीचं काही खरं नव्हतं. मग काडी बाहेर काढून म्हणाल्या, “पण चुकलात हे ठरवणार कोण?”

“मीच.”

“म्हणजे खेळाडू तुम्ही आणि पंचही तुम्हीच?”

मला राग आला, कारण मुद्दा बरोबर होता. आजवर मला पंच लागला नव्हता. ‘डावीकडे’ हा प्रयोग केला तेव्हा वर्षभर मी रस्त्यात उजवीकडे वळले नाही. उजवीकडे जायचं तर तीनदा डावीकडे वळायचं, त्यामुळे सगळीकडे उशिरा पोचायचे आणि शिव्या खायचे. ‘रांग’मध्ये दिसेल त्या रांगेत उभी राहायचे आणि नंबर आला की मागे जाऊन पुन्हा उभी राहायचे. पण ते नियम पायांचे होते. पाय चुकले तर चारचौघांना दिसतं. जीभ चुकली तर कोणाला कळणार? बोलणारीला तर नाहीच नाही.

माझ्या ओळखीत पंच एकच आहे. आणि नेमका तोच नको होता.

९ फेब्रुवारी

बाबांकडे गेले. बाबांनी पोटासाठी टपालखात्यात नोकरी केली आणि जीव ठेवला फुटबॉलच्या शिट्टीत. हयातभर ते सामन्यांचे पंच होते. आता ती पितळी शिट्टी खिळ्याला टांगलेली आहे, आईच्या फोटोशेजारी. मी जन्मले तेव्हा कोणीतरी विचारलं, पंचांकडे काय झालं? बाबा म्हणाले, पंचाईत झाली. तेव्हापासून मी पंचाईत. दादाला मात्र दादाच म्हणतात.

माझं काम त्यांनी पाहिलेलं नाही असं नाही. ‘रांग’ चालू असताना एकदा ते येऊन माझ्या पुढेच उभे राहिले, आणि नंबर आल्यावर विजेचं बिल भरून निघून गेले. माझ्याकडे वळूनही पाहिलं नाही. दर वेळी एकच प्रश्न विचारतात, “तुझ्या खेळात हरतं कोण?” मला अजून उत्तर सापडलेलं नाही.

आज मी नियमांचा कागद त्यांच्यापुढे ठेवला. त्यांनी चष्मा लावला आणि माझ्या एका वाक्यातलं ‘शक्यतो’ खोडलं.

“शक्यतो म्हणजे नियम नाही. शिक्षा काय?”

“शिट्टी वाजली की भिंतीकडे तोंड करून उभं राहायचं. पुढचा माणूस येईपर्यंत.”

“पंचाशी हुज्जत?”

“नाही. पंचांचा निर्णय अंतिम.”

“आणि पंच खोटं बोलला तर?”

“नियम मला आहे, तुम्हाला नाही.”

“मग हरकत नाही,” म्हणाले, आणि शिट्टी खिळ्यावरून काढून खांद्यावरच्या पंच्याच्या टोकाने पुसायला लागले. मला वाटलं होतं मनधरणी करावी लागेल. इतक्या सहज कसे तयार झाले कोण जाणे.

निघताना मी दारात म्हणाले, “जाते.”

“काय म्हणालीस?”

“जाते. सवय करतेय. येते म्हणायचं नाही आता.”

‘येते’वर ते नेहमी ‘ये’ म्हणतात. आज नाही. आत जाऊन त्यांनी नळ सोडला.

१ मार्च

सुरुवात झाली. दालन अजूनही बँकच वाटतं. लांब लाकडी काउंटर, वर काच, काचेला बोलण्यापुरतं भोक, आणि ‘कृपया रांगेत या’ ही पाटी आम्ही मुद्दाम तशीच ठेवली आहे. काचेआड मी. बाहेर लोकांना बसायला गोल फिरणारं स्टूल. बाजूला, जिथे पूर्वी बंदूकवाला राखणदार बसायचा, तिथे उंच खुर्चीवर बाबा. काळा शर्ट, काळी पँट, पांढरे मोजे. मोजे कुठून पैदा केले देव जाणे. भिंतीवर मोठ्या अक्षरांत नियम.

संचालकबाई पाहुण्यांना सांगत होत्या की ह्यांचे वडीलच पंच आहेत, आणि तेवढ्यात बाबा दारातून आत आले. मी आनंदाने म्हणाले, “शंभर वर्षं आयुष्य आहे तुम्हाला!”

शिट्टी अशी वाजली की एका बाईंच्या हातून पर्स पडली. बाबा खुर्चीवर बसलेसुद्धा नव्हते.

“शंभर वर्षं,” ते म्हणाले. “सिद्ध कर.”

सगळे हसले. मी भिंतीकडे तोंड करून उभी राहिले. पाठीमागे लोक टाळ्या वाजवत होते आणि मला लहानपणीसारखं रडूही येत होतं, हसूही.

६ मार्च

बोलणं इतकं अवघड असतं हे ठाऊक नव्हतं. शाळेतली एक मैत्रीण आली. “अगं, ओळखलंस ना?” मी म्हणाले, नाही. तिचा चेहरा पडला. मग तिने आठवणी सांगितल्या आणि मी म्हणाले, आता ओळखलं. “घरी ये ना एकदा,” म्हणाली. मी म्हणाले, मी येणार नाही. ती उठून गेली. बाबांनी शिट्टी वाजवली नाही, कारण चूक कुठेच नव्हती. तरी मला वाटत राहिलं की कोणीतरी वाजवायला हवी होती.

एक गृहस्थ रोज येतात. आभाळात ढगाचा ठिपका नसतो आणि ह्यांच्या हातात छत्री. मी त्यांचं नाव छत्रीवाले ठेवलं आहे. त्यांना मला पकडायचं आहे. आज उठताना अगदी साळसूदपणे म्हणाले, “बरंय, उद्या भेटू.” मी म्हणाले, “उद्या इथे बसण्याचा माझा विचार आहे.” त्यांनी बाबांकडे पाहिलं. बाबांनी मान हलवली. छत्रीवाले म्हणाले, “मुलगी तयार आहे तुमची.” बाबा म्हणाले, “हुशार आहे. तयार व्हायची आहे.”

१२ मार्च

बाबांना उतारवयात वास्तुकलेचा नाद लागला आहे. दालन पहिल्या मजल्यावर. पायऱ्या चढताना ते मध्येच थांबतात, कठड्यावर हात ठेवतात आणि फरशीची नक्षी न्याहाळतात. “काय काम करायचे गं पूर्वी,” म्हणतात. आज दोनदा थांबले. मी म्हटलं, कालचीच नक्षी आहे बाबा, लोक वर खोळंबलेत. “हो हो, चल.”

कामात मात्र ढिलाई. सकाळी मी म्हणून गेले, “उकाड्याने जीव जातोय.” शिट्टी नाही. दुपारी एका बाईंना सवयीने “छान दिसतेय साडी” म्हणाले. मला ती साडी मुळीच आवडली नव्हती. तरी शिट्टी नाही. मी काचेतून पाहिलं. शिट्टी ओठांत होती. त्यांनी नुसता हात पुढे केला, रस्ता दाखवल्यासारखा. मला काही कळलं नाही.

१६ मार्च

छत्रीवाले आज काचेच्या भोकाजवळ तोंड आणून हळूच म्हणाले, “तुमचे पंच शिट्टी तोंडात धरतात. वाजवत नाहीत.” मला मेल्याहून मेल्यासारखं झालं. म्हणजे लोकांच्याही लक्षात आलं. पंच जर मुलीला झुकतं माप देणार असतील तर सगळं कामच फुसकं. कोण विश्वास ठेवणार?

संध्याकाळी जिना उतरताना मी भांडले.

“तुम्ही मला सूट देताय.”

“सूट नाही. फायदा.”

“म्हणजे?”

ते कठड्याला टेकून उभे राहिले. “समज, एकाने दुसऱ्याला पाय घातला. पण ज्याला घातला तो पडला नाही. चेंडू घेऊन धावतोय, समोर गोल उघडा. तेव्हा शिट्टी वाजवली तर नुकसान कोणाचं? त्याचंच. म्हणून पंच लगेच वाजवत नाही. असा हात पुढे करतो.” त्यांनी हात समोर पसरला आणि काहीतरी अलगद पुढे सरकवलं. “चालू द्या. बघू काय होतंय.”

“बघू हा शब्द बंद आहे.”

“तुला. मला नाही.”

“पण माझ्या नियमांत फायदा वगैरे नाही.”

“मग तुझे नियम कच्चे आहेत.” एवढं बोलून ते कठडा धरून एक पायरी उतरले. मग म्हणाले, “नाद सोड. चहा घेऊ.” कट्टर पंच म्हणून ज्यांची ख्याती, ज्यांनी सख्ख्या भाच्याला मैदानाबाहेर काढलं, ते म्हातारपणी मऊ झाले, दुसरं काय. मला वाईट वाटलं. थोडी लाजही.

१९ मार्च

आज बाबांकडेच जेवले. निघताना मी म्हणाले, “जाते.”

“पंचाईत, बस जरा.”

बसले. त्यांनी टेबलावरचं मीठ उगाच इकडून तिकडे केलं.

“तुला काय वाटतं, तुझ्या आईने फाउल केला?”

“आईचं काय मध्येच?”

“दवाखान्यात जाताना ती ‘येते’ म्हणाली होती. तू दारात उभी होतीस, गणवेशात. म्हणाली, छोटंसं ऑपरेशन आहे, येते. आणि आली नाही. तेव्हापासून तू…” पुढचं त्यांनी सोडून दिलं. मग म्हणाले, “फाउल खोट्याला असतो. ती खोटं बोलली नव्हती. तिला यायचं होतं.”

“मला माहीत आहे ते.”

“माहीत असेल. मी सांगितलं नव्हतं म्हणून सांगितलं.”

हा विषय कुठून निघाला कळत नाही. माझ्या कामाचा आईशी काडीचाही संबंध नाही. कल्पना मला झेरॉक्सच्या दुकानावरून सुचली, ते वर लिहिलेलंच आहे. लोकांना कलेत नेहमी आई शोधायची असते. बाबाही त्यातलेच निघाले.

घरी आले तरी मीठ इकडून तिकडे करणारा त्यांचा हात डोळ्यांसमोरून जात नाही. नखं निळसर दिसत होती. बहुधा दिव्यामुळे.

२३ मार्च

दुपारी गर्दी होती. एका कॉलेजच्या मुलीने विचारलं, “तुम्हाला कंटाळा येत नाही का?” मी म्हणाले, “छे, मुळीच नाही.” हे धडधडीत खोटं होतं. मलाच ऐकू आलं. मी शिट्टीची वाट पाहू लागले, रागारागाने बाबांकडे वळले. म्हटलं, आता तरी वाजवा.

त्यांनी शिट्टी ओठांत धरली. गाल फुगले. आवाज आला तो शिट्टीचा नव्हता, नुसत्या वाऱ्याचा. आतला मणी जागचा हललासुद्धा नाही. त्यांनी पुन्हा फुंकलं. मग एका हाताने खुर्चीचा दांडा धरला आणि ते अगदी सावकाश, कोणाला त्रास नको अशा बेताने, खाली घसरले.

काचेआडून बाहेर यायला दार मागच्या बाजूने आहे. ते मी रोज उघडते. आज मला ते सापडेना. मी पोचेपर्यंत छत्रीवाल्यांनी त्यांचं डोकं मांडीवर घेतलं होतं आणि ते छत्रीने लोकांना मागे सारत होते, “वारा येऊ द्या, वारा.”

लोकांतून कोणीतरी टाळ्या वाजवल्या. त्यांना वाटलं, हा कार्यक्रमाचा भाग आहे.

२४ मार्च

हृदयाची झडप कडक झाली आहे, नीट उघडत नाही. डॉक्टर म्हणाले, हे एका दिवसात होत नाही. जिना चढताना दम लागत असेल, थांबावं लागत असेल, फुंकर मारायचीही ताकद नसेल. घरच्यांच्या लक्षात आलं असेलच.

घरच्यांच्या लक्षात फरशीची नक्षी आली होती.

डॉक्टरांनी बाबांना तपासताना विचारलं की त्रास कधीपासून. बाबा म्हणाले, जानेवारीपासून. म्हणजे मी नियमांचा कागद घेऊन गेले तेव्हा त्यांना ठाऊक होतं. आणि ‘पंच खोटं बोलला तर?’ असं त्यांनी मला तोंडावर विचारलं होतं. मीच परवानगी दिली.

२५ मार्च

ऑपरेशन करायचं ठरलं. डॉक्टर तरुण आहेत, बोलतात जपून. “सहसा”, “बहुतेक”, “वयाच्या मानाने”. माझ्या भिंतीवरचे नियम त्यांना पाठ असावेत. मला ते आवडले.

डॉक्टर गेल्यावर बाबांनी विचारलं, “होईन ना गं मी बरा?”

असं ते कधी विचारत नाहीत. ताप आला तरी दुसऱ्यालाच धीर देतात. मी त्यांच्याकडे पाहिलं. महिना संपायचा होता, नियम लागू होता, आणि तो मी मोडला असता तर आजवरचं सगळं पोकळ ठरलं असतं. मी म्हणाले, “मला माहीत नाही, बाबा.”

ते जरा वेळ वर पंख्याकडे बघत राहिले. मग म्हणाले, “बरोबर. फाउल नाही.”

बाहेर आल्यावर मला स्वतःचा अभिमान वाटला. खरंच वाटला. इतक्या कठीण जागीही मी डगमगले नाही, असं वाटलं. वही खोटं लिहिण्यासाठी नाही म्हणून लिहून ठेवते.

२६ मार्च

दादाचा फोन. तो दूर असतो, तीस तारखेच्या आत पोचू शकत नाही. मी त्याला सगळं सांगितलं, बाबांचा प्रश्न आणि माझं उत्तरही.

“तू त्यांना असं म्हणालीस?”

“खरं तेच म्हणाले.”

“अगं, ते काय तुला अहवाल मागत होते? घाबरलाय तो माणूस. ‘व्हाल हो बरे’ म्हणायला काय जात होतं तुझं?”

“आणि नाही झाले तर?”

“तर तेव्हा रडू! आत्ता त्यांना एकटं का पाडतेस? तुझी कला जरा खुंटीला टांग.” मग त्याचाच आवाज चिरकला. “मी तिथे नाहीये गं. तूच आहेस तिथे.”

फोन ठेवल्यावर बराच वेळ बाकावर बसले. बाबांचा जुना प्रश्न आठवला, तुझ्या खेळात हरतं कोण. इतकी वर्षं मला वाटायचं, माझ्या खेळात कोणी हरत नाही, हेच त्याचं वैशिष्ट्य. पंख्याकडे बघणारे बाबा आठवले.

२७ मार्च

संचालकबाई भेटायला आल्या. बाबांसाठी फळं आणली, माझा हात हातात घेतला. बाई वाईट नाहीत. पण जाता जाता काडी चावत म्हणाल्या, “नियम दालनाबाहेरही लागू आहे ना? मग काम इथेही चालूच आहे म्हणायचं. एक लहानसा कॅमेरा कोपऱ्यात ठेवला तर? तुम्ही आणि बाबा. कोणाला कळणारसुद्धा नाही.”

मला मोह झाला. हे लिहिताना शरम वाटते, पण झाला. क्षणभर मला चौकटसुद्धा दिसली: पांढरी चादर, खिडकी, काळ्या दोरीची शिट्टी. माझ्या आजवरच्या कामांत हे सर्वांत मोठं ठरलं असतं.

“बघू,” मी म्हणाले.

त्या चपापल्या. महिनाभरात माझ्या तोंडून तो शब्द त्यांनी ऐकला नव्हता. आणि काय अर्थ होता ते त्यांना बरोबर कळलं. बघू म्हणजे नाही. लहान मूलसुद्धा ओळखतं. त्यांनी चष्मा पिशवीत टाकला, माझ्या पाठीवर थोपटलं आणि गेल्या.

मी खोलीत येऊन बाबांना सांगितलं, “मी बघू म्हणाले.” बाबा म्हणाले, “हात वर कर, पिवळं कार्ड.” आणि किती दिवसांनी हसले. हसताना धाप लागली म्हणून मी त्यांची उशी उंच केली.

२९ मार्च

सकाळी बाबांना ऑपरेशनला न्यायला आले. अंगावर काही ठेवायचं नाही म्हणाले. बाबांनी चष्मा दिला, घड्याळ दिलं, आणि उशीखालून शिट्टी काढून माझ्या गळ्यात घातली. “सांभाळ. मणी हलका आहे, ओला करू नकोस.”

मला त्यांना सांगायचं होतं, तुम्ही बरे व्हाल. आदल्या संध्याकाळपासून मी ते वाक्य घोकत होते. नियमाची मला आता पर्वा नव्हती. पण तोंड उघडलं की आवाजच फुटेना. महिनाभर जीभ आवळली होती, ती आता सुटत नव्हती. मी नुसती स्ट्रेचरच्या गाडीबरोबर चालत राहिले. कॉरिडॉरची फरशी नक्षीची होती. बाबांनी मान कलती करून ती पाहिली आणि माझ्याकडे बघून डोळा मिचकावला. मी हसायचा प्रयत्न केला. जमलं नाही.

मोठ्या दारापाशी वॉर्डबॉयने मला थांबवलं. गाडी अर्धी आत गेली, आणि बाबांनी मान वळवली.

“येतो,” म्हणाले.

आणि माझ्या गळ्यातल्या शिट्टीकडे बघत राहिले.

मी शिट्टी हातात धरली होती. पाय पुढे जात होते, गाडीचं तोंड आतल्या बाजूला होतं, आणि पुढचं काही त्यांच्या हातात नव्हतं. माझ्या भिंतीवरच्या प्रत्येक नियमाने तो फाउल होता. आणि त्यांच्या चेहऱ्यावर खोटेपणाचा मागमूस नव्हता. त्यांना यायचं होतं, इतकंच. आईलाही यायचं होतं. मी गणवेशात दारात उभी होते आणि मी तेव्हा तिला काहीच उत्तर दिलं नव्हतं. वेणी घट्ट झाली म्हणून रुसले होते.

‘येतो’ म्हटल्यावर काय म्हणायचं असतं ते सगळ्यांना माहीत असतं. त्यात खरं-खोटं करायला काही नसतंच. ती नुसती हाक असते.

“या,” मी म्हणाले. आवाज फुटला. “बाबा, या.”

दार बंद झालं. ही ओळ मी बाहेरच्या बाकावर लिहिते आहे. अजून कोणी बाहेर आलेलं नाही.

३१ मार्च

परवा संध्याकाळी डॉक्टर बाहेर आले तेव्हा म्हणाले होते, “सहसा अशा वेळी आम्ही…” मी मध्येच तोडलं, “आहेत ना?” ते म्हणाले, “आहेत.” डॉक्टरांचं असं एका शब्दाचं वाक्य मी पहिल्यांदाच ऐकलं. मी त्यांच्यासमोर मोठ्याने रडले.

काल काचेतून पाहू दिलं. नळ्याच नळ्या. झोपेतच होते. दादा पोचला आहे, तो काल बाहेरच्या खुर्चीवर बसून सारखा म्हणत होता, होणार सगळं ठीक, होणार. पाचव्यांदा म्हणाला तेव्हा मी म्हणाले, “होणार.” त्याने चमकून पाहिलं आणि माझं डोकं हलकेच ढकललं, लहानपणी ढकलायचा तसं.

आज कामाचा शेवटचा दिवस. दालन संध्याकाळपर्यंत उघडं आहे. मी जाणार नाही असं कळवलं. संचालकबाई म्हणाल्या, काचेआड कोणी नाही तरी लोक येऊन बसताहेत. छत्रीवाले बाबांच्या खुर्चीशेजारी उभे आहेत, कोणाला तिच्यावर बसू देत नाहीत.

दुपारी बाबांना साध्या खोलीत हलवणार होते. नर्स चादर घालत होती. तिने विचारलं, वडील काय करायचे? मी सांगायला लागले की पंच होते, फुटबॉलचे, शिट्टी अशी वाजवायचे की बायकांच्या हातून पर्सा पडायच्या, आणि तेवढ्यात दारात गाडी आली.

बाबा. डोळे उघडे. तोंड सुकलेलं, चेहरा अर्धा झालेला. गाडी खोलीत यायला जागा नव्हती म्हणून दादा कपाटाला चिकटून उभा राहिला.

माझ्या तोंडून आपसूक निघालं, “शंभर वर्षं आयुष्य आहे तुम्हाला!”

बोलले आणि थबकले. संध्याकाळ व्हायची होती. नियम अजून लागू होता. बाबांनीही ते ओळखलं. त्यांची नजर माझ्या चेहऱ्यावरून गळ्यातल्या शिट्टीवर गेली, तिथे जराशी थांबली, आणि परत वर आली. मी वाट पाहिली. पंचांचा निर्णय अंतिम.

सुई टोचलेला त्यांचा हात चादरीवरून उचलला गेला. पुरता नाही, वीतभर. मग तो हळूच पुढे आला, अलगद काहीतरी पुढे सरकवल्यासारखा.

“पाणी हवंय का त्यांना?” नर्सने विचारलं.

“नाही,” मी म्हणाले. “खेळ चालू द्या म्हणताहेत.”